तीन चंद्रांच्या जगाचं पंचांग कसं बसवावं? सल्ला हवा

सागरगोटी:
नमस्कार मंडळी. किशोरवयीन वाचकांसाठी एक कादंबरी लिहितेय. जग काल्पनिक आहे, माणसं मात्र आपल्यासारखीच: किनाऱ्यावरची गावं, मासेमारी, थोडी भातशेती. आकाशात तीन चंद्र आहेत, लोक त्यांना थोरली, मधली आणि धाकटी म्हणतात. दिवस २४ तासांचा, वर्ष ३९० दिवसांचं. पौर्णिमा ते पौर्णिमा थोरलीला ३० दिवस लागतात, मधलीला १३ आणि धाकटीला ५. आकडे मुद्दाम असे घेतलेत की तिन्हींनी ३९० ला पूर्ण भाग जातो. त्यामुळे वर्षाच्या पहिल्या रात्री तिघी पूर्ण असतात आणि तोच सर्वांत मोठा सण.

अडचण तारखेची आहे. प्रत्येक वेळी तीन-तीन तिथ्या सांगितल्या तर वाचक कंटाळेल, आणि एकच चंद्र धरला तर उरलेल्या दोघी नुसत्या शोभेच्या होतात. पात्रांनी दिवस सांगायचा कसा? मराठीत या विषयावर काही वाचण्यासारखं असेल तर तेही सुचवा.

लंबक:
विषय फार आवडला. माझा पहिला सल्ला: तिघींना एकच काम देऊ नका.

तिथी म्हणजे सूर्य आणि चंद्र यांच्यातलं १२ अंशांचं अंतर. ही व्याख्या धाकटीला लावून बघा. ५ दिवसांत ३० तिथी, म्हणजे एक तिथी फक्त ४ तासांची! सूर्यास्ताला अर्धी दिसणारी धाकटी मावळेपर्यंत जवळजवळ दोन तिथ्या पुढे गेलेली असेल, आणि ते नुसत्या डोळ्यांनी कळेल. ती तुमच्या लोकांचं घड्याळ आहे. "धाकटीच्या दशमीला होड्या सोडू" म्हटलं की वेळ ठरली. मधलीवर बाजार बसवा: तिच्या पौर्णिमेला एक, अमावास्येला एक, म्हणजे साधारण साडेसहा दिवसांनी बाजार. महिना थोरलीचा. मग एका वाक्यात एकाच बहिणीचं नाव पुरतं.

दुसरा सल्ला जरा कटू वाटेल. ३९० ला पूर्ण भाग जाऊ देऊ नका. सगळं बिनचूक जुळलं तर दरवर्षी तेच आकाश येणार, आणि पंचांग करणाऱ्याची कुणाला गरजच उरणार नाही. आपले १२ चांद्रमास ३५४ दिवसांचे, सौरवर्षाला सुमारे ११ दिवस कमी पडतात. त्या तुटीतूनच अधिक महिना आला. ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत होत नाही, म्हणजे सूर्य एका राशीतून दुसरीत जात नाही, तो अधिक, हा नियम त्यातूनच बसला. २०२३ मध्ये श्रावण अधिक होता, तेव्हा सणांच्या तारखा किती पुढे गेल्या आठवत असेल.

थोरलीला ३० ऐवजी २९.६ दिवस द्या. तिचे १३ महिने ३८४.८ दिवसांचे, वर्षाला ५.२ दिवसांची तूट. पाच-सहा वर्षांनी एक अधिक महिना घालावा लागेल. तो कधी घालायचा हे कोण ठरवतं, यात तुमचं अख्खं राजकारण आहे.

सागरगोटी:
चार तासांची तिथी! हे डोक्यातच आलं नव्हतं. पण २९.६ केलं तर तिघींचा सण गेला ना?

लंबक:
गेला नाही, फिरता झाला. मधली आणि धाकटी दर ६५ दिवसांनी एकत्र पूर्ण होतात. ३२५ व्या दिवशी थोरलीची पौर्णिमाही जेमतेम ०.६ दिवसावर असते, डोळ्यांना फरक दिसणार नाही. म्हणजे सण ३२५ दिवसांनी येईल आणि दरवर्षी ६५ दिवस अलीकडे सरकत सगळ्या ऋतूंतून फिरेल. मोहरम आपल्याकडे असाच दरवर्षी १०-११ दिवस अलीकडे येतो. मात्र ते ०.६ दर खेपेला साठत जाईल, आणि काही सणांनंतर थोरली उघड उघड अपुरी दिसेल. तेव्हा काय करायचं, हे त्या समाजाने ठरवलेलं असू दे.

आणि एक. तुमची पृथ्वी आपल्याएवढीच असेल तर केप्लरच्या नियमाने धाकटी सुमारे १ लाख २० हजार किलोमीटरवर येते. तिची कक्षा फारशी कललेली नसेल तर ती प्रत्येक पौर्णिमेला ग्रहाच्या सावलीत शिरेल, पावणेदोन तासांपर्यंत. गुरूच्या आयो, युरोपा आणि गॅनिमीड या चंद्रांना प्रत्येक फेरीत असंच ग्रहण लागतं.

खाडीकाठ:
किनाऱ्यावरची माणसं आहेत म्हणून भरतीबद्दल लिहितो. आमच्याकडे जुनी माणसं तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ काढतात: अष्टमीला आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमाराला भरती. तुमच्या जगात हे गणित एका चंद्राचं राहणार नाही. पण घनता सारखी असेल तर आकाशात सारख्या आकाराचे दिसणारे चंद्र सारखीच भरती आणतात, मग ते जवळ असोत की लांब. तेव्हा कोण किती मोठी दिसते हे आधी ठरवा, पाणी कुणाचं ऐकतं ते आपोआप ठरेल. तिघी आणि सूर्य एका रेषेत आले की जबरदस्त उधाण. तुमच्या सणाच्या रात्री नेमकं तेच होईल, त्यामुळे होड्या आधीच वर ओढून ठेवायला लावा. आणि भांगाच्या, म्हणजे सर्वांत कमी चढणाऱ्या, भरतीचे दिवसही विसरू नका, त्यांनाही नाव हवं.

पानसुपारी:
वाचायला शंकर बाळकृष्ण दीक्षितांचा 'भारतीय ज्योतिषशास्त्र' हा १८९६ चा ग्रंथ घ्या. भाषा जुनी आहे, पण अधिक-क्षय मास आणि निरनिराळे शक हा भाग तुम्हाला सोन्यासारखा उपयोगी पडेल. वेगवेगळी चक्रं एकत्र कशी चालतात ते बघायचं तर बालीचं २१० दिवसांचं पवुकोन हे पंचांग पाहा, त्यात एक ते दहा दिवसांचे आठवडे एकाच वेळी चालतात. माया लोकांचं २६० आणि ३६५ दिवसांचं जोडचक्र ५२ वर्षांनी मूळ जागी यायचं.

दोन गावांत मतभेद हवा असेल तर तो आपल्याच घरात आहे. महाराष्ट्रात महिना अमावास्येला संपतो, उत्तरेत पौर्णिमेला. म्हणून महाशिवरात्र एकच, पण आपल्याकडे माघातली आणि तिकडे फाल्गुनातली.

सागरगोटी:
सगळ्यांचे मनापासून आभार. थोरली २९.६ च्या हिशोबाने तक्ता मांडायला घेतलाय. उत्तरेकडच्या गावाचा महिना पौर्णिमेला संपेल आणि नायिकेचं माहेर तिथलं असेल. आता एकच विचारते: सणाच्या रात्री धाकटीला ग्रहण लागतं तेव्हा घड्याळच बंद पडलं म्हणायचं. त्या पावणेदोन तासांत हे लोक वेळ कशावरून सांगतील, घटिकापात्र की नक्षत्रं?

लंबक:
नक्षत्रं घ्या. धाकटी झाकली तरी थोरली आणि मधली पूर्ण उजेडात असतील, तेव्हा फक्त ठळक तारेच दिसतील. तेवढ्याच चार-पाच ताऱ्यांना नावं द्या.