भाच्याचं नाव सुहैल ठेवायचंय, अर्थ नक्की काय? आणि सुहैल की सोहेल?

जुन्या_नाशकातला_मामू
आपाला सोमवारी मुलगा झाला, दोघंही मजेत. रविवारी अकीका (आपल्याकडचं बारसंच समजा), म्हणजे तोवर नाव फिक्स पाहिजे आणि घरात नुसता गोंधळ चाललाय. दुल्हाभाईंच्या घरचे म्हणतात सुहैलच ठेवायचं कारण त्यांच्या दादांचं, म्हणजे आजोबांचं, नाव तेच होतं. आपा म्हणते ठेवा, पण आधी अर्थ सांगा. आता अर्थ बघायला गेलो तर एका ॲपवर चंद्रप्रकाश, दुसऱ्यावर सोपा, तिसऱ्यावर तारा, कुणाचं ऐकायचं? शिवाय दादांच्या शाळेच्या दाखल्यावर सोहेल, रेशनकार्डावर सुहेल आणि घराच्या कागदावर तिसरंच काहीतरी, त्यापायी वारसनोंदीच्या वेळी प्रतिज्ञापत्रं करून करून आमचा जीव गेला होता, ते परत नकोय. अरबी येणारं कुणी आहे का इथे?

अलिफ_बे_पे
मुबारक हो मामू! चंद्राचा काही संबंध नाही, ते ॲपवाले एकमेकांचं कॉपी करतात. सोपा आणि तारा दोन्ही बरोबर. धातू स-ह-ल, त्यातून 'सहल' म्हणजे सोपं, सपाट, खाचखळगे नसलेलं. त्याचं लाडाचं लहान रूप सुहैल, जसं हसनचं हुसैन. (आपल्या सहलीशी याचं काय नातं ते मला विचारू नका.)

नाव इस्लामच्या आधीपासूनचं आहे. सुहैल इब्न अम्र म्हणून कुरैशचे (मक्केतल्या टोळीचे) मोठे वक्ते होते, इ.स. 628 मध्ये हुदैबियाच्या तहाला मक्केकडून तेच आले होते, तेव्हा ते पैगंबरसाहेबांच्या विरुद्ध बाजूला. हदीसमध्ये आहे की त्यांना येताना बघून पैगंबरसाहेब म्हणाले, आता तुमचं काम सोपं झालं. म्हणजे नावावरच कोटी! तह लिहितानाही ह्या सुहैलनी शब्दाशब्दाला अडवलं ते वेगळं, पण तह झाला. पुढे 630 मध्ये मक्का जिंकल्यावर ते मुसलमान झाले.

स्पेलिंगचं म्हणाल तर अरबीत उच्चार 'सुहअइल' असा. हिंदी-उर्दूवाले ऐ चा ॲ करतात, पण आपण मराठीत ऐ म्हणजे अइ असाच म्हणतो ना, बैल, पैसा? मग मराठीत 'सुहैल' लिहून मराठीसारखंच वाचलं की अरबीच्या सगळ्यात जवळ. सोहेल बोलायला सोपं म्हणून चालतं, चूक म्हणणार नाही, पण एकच ठरवा आणि जन्मदाखल्यापासून तेच ठेवा. इंग्रजीत एस-यू की एस-ओ तेही आत्ताच ठरवा.

रात्रीचा_पहारेकरी
ताऱ्याचं राहिलंच की! सुहैल म्हणजे रात्रीच्या आकाशातला दोन नंबरचा तेजस्वी तारा, एक नंबर व्याध. साधारण 310 प्रकाशवर्षं लांब. आखातात ऑगस्टच्या शेवटी पहाटे सुहैल दिसला की लोक म्हणतात चला, उन्हाळ्याचा जोर संपला. स्पेनमध्ये फुएन्खिरोलाला सुहैलच्याच नावाचा किल्ला आहे, तिथून हा तारा क्षितिजाला जेमतेम टेकलेला दिसतो.

अरबांची जुनी गोष्ट पण भारी आहे. सुहैलचं लग्न जौझाशी झालं, जौझा म्हणजे आपलं मृग नक्षत्र, आणि त्याच्या हातून तिची पाठ मोडली, ती गेली, म्हणून हा घाबरून दक्षिणेला पळाला तो अजून तिकडेच एकटा. त्याच्या दोन बहिणी, एक व्याध, ती आकाशगंगा ओलांडून त्याच्या मागे गेली, दुसरी अलीकडेच राहिली आणि रडून रडून तिचे डोळे मिणमिणे झाले.

बघायचा असेल तर हाच महिना. फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात रात्री नऊ-साडेनऊला बरोब्बर दक्षिणेला असतो. आधी व्याध शोधा आणि तिथून सरळ खाली या. नाशिकहून क्षितिजाच्या वर फक्त 17 अंश, हात लांब करून दोन मुठी एकावर एक धरल्या तर त्याच्याही थोडा खाली. गंगापूर रोडवरून विसरा, उजेड फार.

जुन्या_नाशकातला_मामू
पाठ मोडल्याचं आपाला सांगणार नाही 😅 बाकी सगळं वाचून दाखवलं.

पंचवटीची_काकू
अहो पहारेकरी, हा तारा म्हणजे आपला अगस्ती ना? मग सांगायचं नाही का तसं! आमच्या पंचांगात अगस्तीचा उदय-अस्त छापलेला असतो. पावसाळा सरत आला की अगस्ती उगवतो आणि नद्यांचं गढूळ पाणी निवळतं असं आमचे सासरे सांगायचे. तिकडे ऊन उतरतं, इकडे पाणी निवळतं, तारा तोच. आणि रामायणात रामाला पंचवटीत राहा म्हणून सांगितलं कुणी, तर अगस्तींनीच. त्यांचा आश्रम अकोल्याला प्रवरेकाठी आहे (विदर्भातलं नव्हे, आपलं नगरकडचं अकोले). म्हणजे भाच्याचं नाव नाशिकला अगदीच परकं नाही हो.

आणखी एक, तुम्ही मानत नसाल तरी सांगते, सु म्हणजे कुंभ रास, आणि अगस्ती जन्मले ते कुंभातून. बाळाला आशीर्वाद, आईला डिंकाचे लाडू द्या.

अलिफ_बे_पे
काकू, तुम्ही तर माझी अरबी धुऊन टाकली 😂

जुन्या_नाशकातला_मामू
काकू, तुमची पोस्ट वाचून आपा म्हणाली बस्स, हेच नाव. दुल्हाभाईंची दादी शेजारीच बसली होती, ती म्हणाली तुमचे दादा गावाकडे अंगणात झोपायचे तेव्हा बोट दाखवून सांगायचे, तो बघ माझा तारा, आणि मला वाटायचं म्हातारा चेष्टा करतोय.

काल रात्री गच्चीवर गेलो होतो. व्याध सापडला, तिथून खाली खाली आलो तर नेमकी समोरच्या बिल्डिंगची पाण्याची टाकी. जरा डावीकडे सरकून कठड्याला वाकलो तेव्हा टाकी आणि केबलच्या मधे दिसला, एकटाच. आपाला व्हिडिओ कॉल केला, मोबाईलमध्ये काळोखाशिवाय काहीच येईना. फॉर्मवर 'सुहैल' लिहिलंय, इंग्रजीत एस-यू, दुल्हाभाईंकडून दोनदा चेक करून घेतलं.