आसंजन, चिकटणं की धरून राहणं?

जीनोमिक्सवरचा (सजीवाच्या सगळ्या जनुकांचा एकत्र अभ्यास) एक मजकूर मराठीत आणतोय आणि पहिल्याच पानावर सेल अ‍ॅडहिजन प्रोटीन्स, म्हणजे पेशींना एकमेकींशी जोडणारी प्रथिनं, येऊन बसलीत. शब्दकोशाप्रमाणे 'पेशी-आसंजन प्रथिने' होतं, बरोबरच आहे पण वाचणारा तिथेच मान टाकेल. 'चिकट प्रथिने' लिहिलं तर बोटाला लागून राहणारं काहीतरी वाटतं. काय करू?

—

आसंजन इतकं परकं नाहीये हो. सञ्ज् म्हणजे चिकटणे, त्यातूनच संग, प्रसंग, आसक्ती आलेत. आसक्ती रोज वापरतो आणि आसंजन म्हटलं की दचकतो! फक्त संसंजनाशी गल्लत नको, ते कोहिजन. पाण्याचे कण एकमेकांना धरतात ते संसंजन, काचेला धरतात ते आसंजन.

—

मग पेशीला पेशी चिकटते ते संसंजनच झालं की!

—

बिनतोड :) पण जीवशास्त्रात दोन्हीला अ‍ॅडहिजनच म्हणतात, पेशी शेजारणीला धरो नाहीतर पेशीबाहेरच्या तंतूंच्या जाळीला. माझी तक्रार वेगळीच आहे, 'चिकटणे'च मुळात चुकीचं चित्र उभं करतं. गोंद कुणालाही चिकटतो, ही प्रथिनं निवडून धरतात. प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशी फ्लास्कच्या तळाशी फरशी बसवल्यासारख्या पसरलेल्या असतात, त्यावर ट्रिप्सिन आणि ईडीटीए घातलं की थोड्या वेळात एकेक पेशी अंग आखडून गोल होते, फ्लास्कला टिचकी मारली की सगळ्या तरंगायला लागतात. ट्रिप्सिन प्रथिनं कापतं आणि ईडीटीए कॅल्शियम पळवतं, कारण कॅडहेरिन नावाच्या प्रथिनाची पकड कॅल्शियमशिवाय टिकत नाही. नावातच आहे ते, कॅल्शियममधला कॅ आणि अ‍ॅडहिअरमधला डहेर, जपानच्या मासातोशी ताकेइची यांनी दिलेलं. म्हणून माझं मत 'पेशींना धरून ठेवणारी प्रथिनं'. मराठीत माणसं घर धरून राहतात, तसंच.

—

आणि पकड गेली की 'सुटणे' हे क्रियापद आयतं मिळतं. ई-कॅडहेरिन या कॅडहेरिनच्याच एका प्रकाराचं जनुक सीडीएच१, १६व्या गुणसूत्रावर. १९९८ साली न्यूझीलंडमधल्या माओरी कुटुंबांत पिढ्यान् पिढ्या येणाऱ्या जठराच्या कॅन्सरमागे याच जनुकातला बिघाड सापडला. त्यात पेशी सुट्या सुट्या होऊन जठराच्या भिंतीत पांगतात, गाठ अशी नीट बनतच नाही म्हणून लवकर दिसतही नाही. इथे 'चिकटपणा कमी झाला' लिहून बघा, किती पुळचट वाटतं ते.

—

जीनोमिक्सचा धागा पुढेही जातो. फळमाशीतलं डीस्कॅम हे आसंजन प्रथिनाचं एकच जनुक, पण त्याच्या चार जागी पर्यायी तुकडे आहेत, १२, ४८, ३३ आणि २, दरवेळी प्रत्येकातला एकच निवडायचा, म्हणजे गुणाकार करा, ३८,०१६ प्रकारची प्रथिनं! चेतापेशी त्यावरून स्वतःच्या फांद्या ओळखते आणि गंमत म्हणजे ओळख पटली की धरून न बसता दूर सरते. आता याला आसंजन म्हणायचं का ते तुम्हीच ठरवा.
दुसरं, २००८ मध्ये मोनोसिगा या एकपेशीय जिवाचा जीनोम वाचला तर त्यात कॅडहेरिनची २३ जनुकं निघाली. एकटा जीव, धरणार कुणाला? बहुधा भक्ष्याला, असा एक अंदाज आहे.

—

जाता जाता, ऑपरेशननंतर पोटात अ‍ॅडहिजन्स झालेत म्हणतात ते वेगळं, ते व्रणाचे पट्टे असतात, आतडी एकमेकांना जखडतात. आणि हिंदीतून उचलून कोशिका लिहू नका प्लीज, आपली पेशी आहे ना. हिंदीत पेशी म्हणजे स्नायू, म्हणून तिकडे चालत नाही.

—

ठरलं, पहिल्यांदा 'पेशींना धरून ठेवणारी प्रथिनं (आसंजन प्रथिनं)' आणि पुढे नुसतं आसंजन प्रथिनं. जीनोमिक्सला जनुकशास्त्र चालेल?

—

नको, ते जेनेटिक्सला गेलंय. एकेक जनुक नाही, सगळा संच एकदम वाचायचा असतो. जीनोमिक्सच ठेवा, कुणी अडणार नाही.