मुलाला जपानी मांगाचा असिस्टंट व्हायचंय, पगार नक्की कोण देतं?

सातपूरकर:
धाकटा २१ वर्षांचा, कॉलेज रोडला ॲनिमेशन शिकतोय. आता म्हणतो, घरी बसून मांगा, म्हणजे जपानी कॉमिक्स, काढणाऱ्या चित्रकाराची बॅकग्राउंडं काढून देणार. ‘वन पीस’ ही गाजलेली मांगा काढणारा ओदा आधी असिस्टंटच होता, हे त्याचं ठरलेलं उत्तर. माझं लेथचं वर्कशॉप आहे. दहा वर्षं हेल्परच राहिलेली पोरं मी बघितलीत. कुणाला आतलं माहीत आहे का?

पेन्सिलवाला:
ओदाचं खरंय. १९९७ मध्ये त्याची स्वतःची मालिका सुरू झाली. जाऊ द्या की काका, हात तयार होईल.

इंदिरानगरची रेघ:
हात होतो तयार, मानही धरते. मी मांगा नाही, पण एका परदेशी वेबकॉमिकसाठी १४ महिने बॅकग्राउंडं काढली. पैसे पॅनेलमागे, म्हणजे चित्राच्या एकेका चौकटीमागे. गल्ली, पाऊस, दुकानांच्या पाट्या. कॅमेरा, म्हणजे बघण्याचा कोन, जरा खाली घ्या म्हटलं की गल्ली पुन्हा पहिल्यापासून, आणि करेक्शनचा एक रुपया नाही. फाइल पहाटे गेली की आई दूध घ्यायला उठायची, मी झोपायला.

काका, मांगा छापणारं नियतकालिक चित्रकाराला पैसे देतं, पानामागे. असिस्टंटचा पगार तो त्यातूनच भागवतो. साप्ताहिकात आठवड्याला १९-२० पानं. दर तोच, मग जास्तीचे तास कुणाच्या अंगावर पडणार? २०१८ साली एका नावाजलेल्या चित्रकाराकडे अकरा वर्षं काढलेल्या असिस्टंटने थकलेल्या ओव्हरटाइमबद्दल उघड लिहिलं होतं. अकरा वर्षं! ओदाची गोष्ट सगळे सांगतात, याची कुणी सांगत नाही.

पेन्सिलवाला:
आता तिकडे कायदा आलाय ना?

इंदिरानगरची रेघ:
आलाय, नोव्हेंबर २०२४ पासून. फ्रीलान्सरला काम आणि मोबदला लेखी द्यायचा, पैसे ६० दिवसांच्या आत. पण नाशिकहून तो बजावायला कोण जाणार? त्यापेक्षा पॅनेलचा दर, करेक्शन किती वेळा आणि नाव छापणार का, एवढं आधी मेलवर घ्यायला सांगा. लाजून माझं तेच राहिलं.

सातपूरकर:
ताई, आभार. काल जेवताना विचारलं, पैसे कोण देणार? म्हणाला, “सेन्सेई.” जपानीत मुख्य चित्रकाराला ‘गुरुजी’ अशी हाक, हे मला काय माहीत! मी म्हटलं, हे कुठले, गावाचं नाव काय? आई आणि तो अजून हसतायत. आज सकाळी मात्र त्याने गुपचूप मेल लिहायला घेतलाय.