प्रति: अमेरिकन फुटबॉल संघ ऊरँग इंडियन्सचा 1923 चा हंगाम
‘जिम थॉर्पसारखा नामांकित खेळाडू असूनही 11 पैकी 10 सामने हरले, म्हणजे बाकीचे खेळाडू सुमारच’ हे अर्धंच पटतं. थॉर्पनेही तोवर पस्तिशी ओलांडली होती. पण मालक वॉल्टर लिंगोला अजिंक्यपद हवं होतं कुठे? त्याचा धंदा एअरडेल जातीची कुत्री विकण्याचा. संघ म्हणजे त्याची चालतीबोलती जाहिरात. ओहायोतल्या ज्या लारू गावाचा हा संघ, तिथे धड मैदानही नव्हतं, त्यामुळे जवळपास सगळे सामने परगावी.

त्यात मध्यंतराला समोरचा संघ दम खात बसायचा, तेव्हा संघातले हे मूळनिवासी अमेरिकन खेळाडू पुन्हा मैदानात! कुत्र्यांच्या कसरती, पारंपरिक नाच, टॉमाहॉकची, म्हणजे छोट्या कुऱ्हाडीची, फेक. उत्तरार्धात पायांत त्राण उरणार कुठून? बाकी एनएफएल या व्यावसायिक फुटबॉल लीगची फ्रँचायझी, म्हणजे तिथे संघ उतरवण्याचा हक्क, लिंगोला म्हणे 100 डॉलरला पडली; त्याचं एक चांगलं कुत्रं याहून महाग विकलं जायचं.