मॅज सायर्सने नियम मोडला नव्हता
काही जण म्हणतात की फिगर स्केटर (बर्फावर स्केटिंग करणारी खेळाडू) मॅज सायर्स १९०२ च्या जागतिक स्पर्धेत पुरुषांसोबत नियम मोडून उतरली. तसं नाही. लंडनच्या त्या जागतिक स्पर्धेत बायकांना मनाई करणारा नियमच नव्हता. ती स्वीडनच्या उल्रिक साल्खोवच्या मागे दुसरी आली. मनाई त्यानंतर झाली. एक कारण दिलं गेलं ते लांब स्कर्टचं, पाय दिसत नाहीत म्हणून. मला ते अर्धंच पटतं. सक्तीच्या आकृत्यांत, म्हणजे बर्फावर ठरलेले आकार कोरण्याच्या तेव्हाच्या फेरीत, शरीराची ठेवण बघायचे, पण बर्फावरची रेघही तपासायचे. स्केटच्या पात्याला दोन कडा असतात. आठच्या आकड्याचं प्रत्येक वर्तुळ एका पायावर, एकाच कडेवर कापायचं. कलणं कमी पडलं की दोन्ही कडा टेकतात, दुहेरी रेघ उमटते, गुण जायचे. स्कर्ट ती रेघ झाकू शकत नाही! शिवाय मॅज पोटरीपर्यंतचाच स्कर्ट घालायची. १९०८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये महिलांचं सुवर्ण तिचं, आणि नवरा एडगरसोबत जोडीत कांस्य.