मदत हवी आहे: टी-शर्टवर गीताच्या ओळी छापायच्या आहेत, वारस तीन

लातूरला भीमगीतांचा जलसा आहे. तिथे विकायला ३०० टी-शर्ट काढतोय: १८० जीएसएम (कापडाचं वजन, दर चौरस मीटरला ग्रॅम) सुती, दोन रंगांत स्क्रीन प्रिंटिंग. पाठीवर एका गीताच्या दोन ओळी. कवी १९७१ साली वारले, म्हणजे शब्दांवरचा हक्क २०३१ अखेरपर्यंत जिवंत आहे.

गाण्याच्या सादरीकरणाचं लायसन्स आयपीआरएसकडून (गीतकार-संगीतकारांचे हक्क सांभाळणारी संस्था) घेतलंय, पण ते मंचापुरतं. कपड्यावर शब्द छापायची मुभा त्यात नाही. रेकॉर्ड कंपनीलाही विचारलं. त्यांच्याकडे फक्त ध्वनिमुद्रणाचे हक्क आहेत, शब्दांचे कवीच्या घरच्यांकडेच. मृत्युपत्र नाही. जालन्याच्या थोरल्या मुलाने लेखी होकार दिलाय, परभणीची लेक तोंडी हो म्हणते, धाकट्याचा पत्ता लागत नाही. करारात मुदत आणि प्रदेश लिहिणार आहे, नाहीतर कायद्याने ५ वर्षं आणि भारत एवढंच धरतात. ओळी बदलायच्या नाहीत. लोक त्याच ओळींसाठी टी-शर्ट घेतील, आणि घरच्यांना त्यांचा वाटा मिळायलाच हवा.

स्क्रीन बनवायला टाकण्याआधी एवढं सांगा: धाकट्याच्या सहीविना, त्याचा हिस्सा वेगळा ठेवून छापलं तर कायद्यात टिकेल का? आणि मानधन नगामागे ठरवावं की एकरकमी?