जुन्या आवृत्तीचा हट्ट: सही तपासली म्हणजे झाले का?

संथवाहिनी
'मेसेजिंग ॲपची जुनी आवृत्ती टाकणे हा शुद्ध अडाणीपणा आहे' असे ठणकावणारी पोस्ट वाचली आणि राहवले नाही. नवी आवृत्ती उघडताच फोन गोठत असेल, तर मूळ कंपनीच्याच डिजिटल सहीची मागची एपीके (ॲपची इन्स्टॉल फाइल) टाकून प्ले स्टोअरमधले ऑटो-अपडेट बंद करण्यात अडाणीपणा कोणता? त्यासाठी ब्राउझरला दिलेली इन्स्टॉलची परवानगी काम होताच काढून घ्यावी. अँड्रॉइड ८ पासून ती ॲपगणिक वेगळी असते.

कुलूपकिल्ली
सहीमुळे फाइल अस्सल ठरते, निर्धोक नव्हे. २०१९ मध्ये व्हॉट्सॲपच्या ज्या त्रुटीतून, कॉल न उचलताही, पेगासस हे हेरगिरीचे सॉफ्टवेअर फोनमध्ये शिरत असे, ती अँड्रॉइडवर २.१९.१३४ मध्ये बुजवली गेली. त्याआधीच्या आवृत्त्याही अस्सल सहीच्याच होत्या. शिवाय जुनी टाकण्यासाठी आधी नवी काढावी लागते, आणि ती काढली की सही जुळवून पाहायला फोनकडे काही उरत नाही. एपीकेसाइनर या सही तपासणाऱ्या साधनाने प्रमाणपत्राचा ठसा (सही कोणाची ते ओळखण्याचा सांकेतिक आकडा) किती जण पडताळतात?

संथवाहिनी
मी पडताळते. आणि मुदत संपलेली आवृत्ती व्हॉट्सॲप चालूच देत नाही, त्यामुळे २०१९ चा बागुलबुवा नको. मी मागच्या महिन्याच्या आवृत्तीबद्दल बोलते आहे.

तिसरी घंटा
सही राहू द्या, खरा घात बॅकअपमध्ये आहे. माझ्या भावाने एका ॲपची नवी आवृत्ती काढून जुनी टाकली. 'बॅकअप सापडला नाही' एवढीच ओळ पडद्यावर आली आणि कामाच्या पावत्यांपासून वडिलांच्या आवाजी निरोपांपर्यंत सारे अडकले. फाइल मात्र फोल्डरमध्ये जागच्या जागी होती!

कुलूपकिल्ली
डेटाबेसची रचना बदलली की नवा बॅकअप जुन्या आवृत्तीला वाचता येत नाही, यात नवल ते काय?

तिसरी घंटा
नवल तुम्हांला नसेल. 'काढा, टाका, झाले' असे सल्ले देणाऱ्यांपैकी एकानेही हे आधी सांगितले नव्हते, आणि आता वर शहाणपणा!

कुलूपकिल्ली
सल्ला माझा नव्हता. मी तर टाकूच नका म्हणतो आहे. राग योग्य दारी न्यावा.

संथवाहिनी
रोख माझ्याकडे आहे, कळले. बॅकअपचा इशारा मी द्यायला हवा होता असे तुम्हां दोघांचे मत दिसते, द्या टाळी. तिसरी घंटा, ती फाइल संगणकावर उतरवून घ्या, नवीच आवृत्ती पुन्हा टाका आणि त्याच नंबरने नोंदणी करताना रिस्टोअर करून पाहा. आवृत्ती मागे नेण्याबद्दलचे माझे मत मात्र तसूभरही बदललेले नाही.